जाधव, खाशाबा दादासाहेब

(१५ जानेवारी १९२६ – १४ ऑगस्ट १९८४). स्वतंत्र भारताला ऑलिंपिक क्रीडासामन्यांत पहिले वैयक्तिक पदक मिळवून देणारे महाराष्ट्रीय मल्ल. सातारा जिल्ह्यातील कराडजवळच्या गोळेश्वर या खेड्यात एका शेतकरी कुटुंबात त्यांचा जन्म झाला. वडील दादासाहेब हे स्वतः मल्ल होते व घरातील पाच भावांत खाशाबा सर्वांत धाकटे. कुस्तीचे पहिले धडे त्यांना वडिलांकडूनच मिळाले. कराडच्या टिळक हायस्कूलमध्ये शिकत असतानाच आसपासच्या गावांतील जत्रांच्या फडांत ते कुस्त्या करू लागले. १९४२ च्या ‘छोडो भारत’ चळवळीत त्यांनी भूमिगत कार्यकर्त्यांना साहाय्य केले.

पुढील शिक्षणासाठी ते कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात दाखल झाले. राजर्षी शाहू छत्रपतींच्या आश्रयाने कोल्हापूर हे मल्लविद्येचे माहेरघर बनले होते. त्यांनी बांधविलेले खासबाग मैदान व शहरातील पेठापेठांतून चालणाऱ्या तालमी यांमुळे तेथे मल्लांचा तोटा नव्हता. अशा नगरात पाच फूट पाच इंच उंचीच्या, किरकोळ अंगकाठीच्या या विद्यार्थ्याकडे प्रथम कोणाचे लक्ष जाऊ नये, हे स्वाभाविकच होते. महाविद्यालयाच्या वार्षिक क्रीडास्पर्धेत नाव घालण्यास क्रीडाशिक्षकांनी त्यांना नकार दिला, तेव्हा त्यांनी थेट प्राचार्यांची परवानगी मिळविली व आपल्याहून थोराड मल्लांना पाडून दाखविले. चपळाई आणि डावांची अचूक फेक ही त्यांच्या कुस्तीची वैशिष्ट्ये होती. प्रतिस्पर्ध्याची मान व हात कवेत धरून त्याला फेकण्याचा ‘ढाक’ हा त्यांचा हुकमी डाव होता.

लंडन येथील १९४८ च्या ऑलिंपिक सामन्यांसाठी त्यांची निवड झाली व प्रवासखर्चाचा भार कोल्हापूरच्या महाराजांनी उचलला. तेथे त्यांना प्रथमच गादीवर उतरावे लागले. गादीवरील कुस्ती व मातीतील कुस्ती यांत नावापुरतेच साम्य आहे, असे म्हटले तरी चालेल. तेल, ताक, हळद घालून मळलेल्या तांबड्या मातीत पकड घट्ट बसते, पाय रोवता येतो आणि प्रतिस्पर्धी चितपट होईपर्यंत कुस्ती चालू राहू शकते. त्यामुळे दमसास व ताकद यांना तेथे मोठे महत्त्व. गादीवर मात्र वेळेचे बंधन असते, पंच गुण देतात, आणि चितपट न होताही मल्ल हरू शकतो. मातीतील उत्तम मल्ल परदेशी गादीवर चाचपडताना दिसतो, त्याचे कारण अंगबळाच्या उणिवेपेक्षा या भेदात अधिक शोधावे लागते. जाधव यांनी रीस गार्डनर या प्रशिक्षकाच्या मार्गदर्शनाखाली अल्पावधीत गादीचे नियम आत्मसात केले. फ्लायवेट (५२ किग्रॅ.) गटात त्यांनी ऑस्ट्रेलियाच्या बर्ट हॅरिस व अमेरिकेच्या बिली जर्निगन यांना हरविले, परंतु इराणच्या मन्सूर रईसी यांच्याकडून ते पराभूत झाले व त्यांना सहावे स्थान मिळाले. नवख्या गादीवरील हे यश लहान नव्हते.

हेलसिंकीच्या ऑलिंपिक सामन्यांची (१९५२) तयारी त्यांनी वरच्या, म्हणजे बँटमवेट (५७ किग्रॅ.) गटासाठी केली. निवडचाचणीत गुणदानात आपल्यावर अन्याय झाल्याची त्यांची तक्रार होती. त्यांनी पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली व पुन्हा मिळालेल्या संधीत प्रतिस्पर्ध्याला निर्विवाद हरवून संघात स्थान मिळविले. त्यानंतर प्रश्न उभा राहिला तो पैशाचा. खेळाडूंचा सर्व खर्च शासनाने करावा, ही प्रथा त्या वेळी रुळलेली नव्हती आणि कोल्हापूर संस्थान तोवर विलीन झाले असल्याने पूर्वीचा राजाश्रयही उरला नव्हता. गोळेश्वर व कराड परिसरातील लोकांनी घरोघर फिरून वर्गणी गोळा केली. राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य बॅ. बाळासाहेब खर्डेकर यांनी तर आपले राहते घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. जाधवांच्या पदकाची हकीकत सांगताना खर्डेकरांचे नाव गाळता येणार नाही.

हेलसिंकी येथे जाधव यांनी कॅनडाच्या एड्रियन पोलिक्विन, मेक्सिकोच्या लिओनार्दो बासुर्तो व जर्मनीच्या फर्डिनांड श्मिट्झ यांच्यावर लागोपाठ विजय मिळविले. त्यानंतर जपानच्या शोहाची इशी यांच्याशी त्यांची दीर्घ व दमविणारी लढत झाली आणि तीत ते पराभूत झाले. ती संपते न संपते तोच सोव्हिएट संघाच्या रशीद मामेदबेकोव्ह यांच्याशी लढण्यास त्यांना पाचारण करण्यात आले. दोन कुस्त्यांमध्ये किमान अर्ध्या तासाची विश्रांती मिळावी, असा नियम होता. परंतु तो पंचांच्या निदर्शनास आणून देण्यास भारतीय पथकाचा एकही अधिकारी तेथे हजर नव्हता. थकलेल्या जाधवांना ही लढतही गमवावी लागली. इशी यांना सुवर्ण, मामेदबेकोव्ह यांना रौप्य व जाधव यांना कांस्यपदक मिळाले (२३ जुलै १९५२). विश्रांती मिळाली असती तर पदकाचा रंग बदलला असता किंवा नाही, याविषयी केवळ तर्क करता येतो. व्यवस्थापनाची ही ढिलाई मात्र तर्काचा विषय नाही. याच सामन्यांत माणगावे हे दुसरे भारतीय मल्ल निसटत्या फरकाने पदकाला मुकले.

नॉर्मन प्रिचर्ड यांनी १९०० च्या पॅरिस सामन्यांत धावण्याच्या शर्यतींत दोन रौप्यपदके मिळविली होती. परंतु ती ब्रिटिश अमदानीतील. हॉकीची सुवर्णपदके सांघिक होती. म्हणून जाधव यांचे पदक हे स्वतंत्र देशाच्या नावे एका व्यक्तीने मिळविलेले पहिलेच ठरते. नव्याने स्वतंत्र झालेल्या अनेक देशांची पहिली पदके अशीच द्वंद्वक्रीडांतून आली, ही गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. घाना १९५७ मध्ये स्वतंत्र झाला व रोम येथील १९६० च्या सामन्यांत क्लेमंट क्वार्टी या हौशी मुष्टियोद्ध्याने त्याला रौप्यपदक मिळवून दिले. नायजेरियाचे पहिले ऑलिंपिक पदकही नोजीम मायेगुन यांनी १९६४ मध्ये टोकिओ येथे मुष्टियुद्धातच मिळविले. कुस्ती व मुष्टियुद्ध यांना तरणतलाव लागत नाहीत, की महागडी उपकरणे. गरीब देशातील खेड्यापाड्यांतून आलेल्या तरुणाला जगाशी बरोबरी करण्यास हीच वाट त्यातल्या त्यात मोकळी होती. तथापि भारताला मुष्टियुद्धातील पहिल्या ऑलिंपिक पदकासाठी २००८ पर्यंत (विजेंदर सिंग, बीजिंग) थांबावे लागले. कुस्तीतील दुसरे पदकही त्याच वर्षी सुशीलकुमार यांनी मिळविले, म्हणजे जाधवांनंतर तब्बल ५६ वर्षांनी. वैयक्तिक पदकांचा विचार केला, तर मधल्या काळात १९९६ चे लिअँडर पेस यांचे टेनिसमधील कांस्यपदक येते. तोवर ४४ वर्षे जाधव हे एकटेच होते.

मायदेशी परतल्यावर कराड येथे शंभराहून अधिक बैलगाड्यांच्या मिरवणुकीने त्यांचे स्वागत झाले. एरवी पाव तासाच्या वाटेला त्या दिवशी सात तास लागले. पुढे कोल्हापुरात कुस्त्यांची मैदाने भरवून त्यांनी पैसा उभा केला व खर्डेकरांचे ऋण फेडले. १९५५ मध्ये ते पोलीस दलात उपनिरीक्षक म्हणून दाखल झाले. गुडघ्याच्या दुखापतीमुळे पुढील ऑलिंपिक सामन्यांत त्यांना भाग घेता आला नाही. परंतु पोलीस क्रीडास्पर्धांतून ते चमकले व प्रशिक्षक म्हणूनही त्यांनी काम केले. सत्तावीस वर्षांच्या सेवेनंतर ते साहाय्यक पोलीस आयुक्त म्हणून निवृत्त झाले. निवृत्तिवेतनासाठी मात्र त्यांना बराच काळ झगडावे लागले. दिल्ली येथील आशियाई सामन्यांच्या (१९८२) ज्योतयात्रेत त्यांना सहभागी करून घेण्यात आले. फाय फाउंडेशनचा पुरस्कार त्यांना १९८३ मध्ये लाभला. पुढच्याच वर्षी रस्त्यावरील अपघातात त्यांचे निधन झाले. गोळेश्वर येथील आपल्या घराला त्यांनी ‘ऑलिंपिक निवास’ असे नाव दिले होते.

त्यांचे मोठे सन्मान मरणोत्तर आहेत : महाराष्ट्र शासनाचा शिवछत्रपती पुरस्कार (१९९२–९३) व केंद्र शासनाचा अर्जुन पुरस्कार (२०००). अर्जुन पुरस्कार १९६१ पासून दिले जात होते, हे लक्षात घेता हा विलंब खटकल्याशिवाय राहत नाही. दिल्ली येथील राष्ट्रकुल सामन्यांच्या वेळी (२०१०) इंदिरा गांधी क्रीडासंकुलातील कुस्तीच्या सभागृहाला त्यांचे नाव देण्यात आले. १५ जानेवारी हा त्यांचा जन्मदिन राज्य क्रीडादिन म्हणून पाळण्याचे महाराष्ट्र शासनाने २०२३ मध्ये ठरविले.