पुलापलीकडचा परवाना

अमेरिकेतल्या फिलाडेल्फिया आणि कॅम्डेन या शहरांमध्ये फक्त डेलावेअर नदी. १९२६ पासून तिच्यावर मोठा पूल आहे. पेनसिल्व्हेनियाचा गाडीचा परवाना पलीकडे न्यू जर्सीत चालतो. पण पिस्तूल लपवून बाळगण्याचा परवाना तिथे निव्वळ कागद ठरतो, आणि बाळगणारा गुन्हेगार.

मित्रहो, हा पेच जुना आहे. १८१३ मध्ये केंटकीनं लपवलेल्या शस्त्रांवर बंदी घातली. उघड शस्त्र बाळगणारा सरळ, लपवणारा घातकी, अशी तेव्हाची समजूत. १९११ मध्ये न्यूयॉर्कनं परवाना सक्तीचा केला. १९८७ मध्ये फ्लोरिडानं उलट वाट धरली : अटी पुऱ्या करणाऱ्याला परवाना द्यायचाच. पुढे अनेक राज्यांनी एकमेकांचे परवाने मानले. न्यू जर्सीनं कुणाचाच नाही. तिथे प्रशिक्षणाची अट आहे, पेनसिल्व्हेनियात ती नाही.

देशभर परवाना चालावा, असं विधेयक २०१७ मध्ये प्रतिनिधिगृहात संमत झालं, सिनेटमध्ये अडलं. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं स्वसंरक्षणासाठी घराबाहेर पिस्तूल बाळगण्याचा हक्क मान्य केला. शेजारच्या परवान्याचा प्रश्न मात्र त्यानं सुटला नाही.

परवाना म्हणजे सरकारनं माणसाबद्दल दिलेली हमी. एकाच झेंड्याखाली राहूनही शेजाऱ्याची हमी जिवावर बेतेल, ही भीती उरतेच. पूल बांधता येतो; विश्वास कमवावा लागतो.