नाणेघाटातील अंक आणि 'पाचशे तीन'

तिसरीच्या मुलांना 'पाचशे तीन' अंकांत लिहायला सांगावे, की काही पाट्यांवर हमखास ५००३ दिसते. आपण फुली मारतो आणि एकक-दशक-शतक पुन्हा घोकून घेतो. पण या उत्तरामागे मुलाचा विचार असतो. ऐकले तसे त्याने लिहिले : आधी ५००, मग ३.

डिंगोरे आणि आसपासच्या शाळांना या विचाराचा फार जुना नमुना आपल्या जुन्नर तालुक्यातच पाहता येईल. नाणेघाटाच्या माथ्यावरील लेण्यात, भिंतींवर सातवाहन राणी नागनिका हिचा ब्राह्मी लिपीतील लेख आहे. तो सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचा. यज्ञांत दिलेल्या दानांची त्यात यादी आहे : १,७०० गाई, २४,४०० कार्षापण नाणी, इत्यादी. त्यातील अंकचिन्हे भगवानलाल इंद्रजी यांनी १८७०च्या दशकात उलगडली.

या अंकांत शून्य नाही, स्थानिक किंमतही नाही. दहा, वीस, शंभर, हजार यांना स्वतंत्र चिन्हे आहेत. हजाराच्या चिन्हाला चाराचे चिन्ह जोडले की चार हजार होतात. म्हणून २४,४०० लिहिताना वीस हजार, चार हजार आणि चारशे अशी तीनच चिन्हे ओळीने येतात. जसे बोलावे तसेच लिहावे!

पुढे कित्येक शतकांनी स्थानावरून किंमत ठरवण्याची पद्धत रुळली. ग्वाल्हेरच्या इ. स. ८७६ मधील लेखात २७० ही संख्या आजच्यासारखीच, शून्यासह कोरलेली आहे. समाजाला जी मजल मारायला शतके लागली, ती मुलाने काही महिन्यांत मारावी अशी आपली अपेक्षा असते. तेव्हा त्याला नियम पाठ करून घेण्याआधी त्याचा अर्थ हाताळायला मिळाला पाहिजे.

यासाठी जाड कागदाची कार्डे पुरतात. ५०० चे कार्ड तीन घरे रुंद, ४० चे दोन घरे आणि ३ चे एक घर असे करावे. ५०० च्या उजव्या टोकावर ३ ठेवले की शेवटचे शून्य झाकले जाते आणि ५०३ दिसते. मधले शून्य का उरले, हे मुलांनाच विचारावे. मग त्यावर ४० ठेवून पाहू द्यावे. 'इथे दशक नाहीत' हे सांगण्यासाठी शून्य लागते, हे त्यांच्याच तोंडून येईल. आणि ५००३ लिहिणाऱ्या मुलाला आपले ५०० चुकले नव्हते, फक्त ३ ची जागा चुकली, हेही कळेल.