‘मूत्रल’ : एका वैद्यकीय शब्दाचा अर्थ व व्यवहार

नाशिक जिल्ह्याच्या कळवण तालुक्यांत सप्तशृंगीचा डोंगर आहे. लक्ष्मणासाठीं द्रोणागिरि उचलून नेणाऱ्या मारुतीच्या हातून त्या पर्वताचा एक तुकडा येथें गळून पडला, अशी त्याविषयीं लोकश्रद्धा आहे. आणि म्हणूनच या गडावर व भोंवतालच्या रानांत औषधींचा तोटा नाहीं, असें सांगतात. या कथेची ऐतिहासिक परीक्षा करण्याचें येथें प्रयोजन नाहीं. परंतु तींत एक मर्म आहे. मारुतीला संजीवनीचें नांव ठाऊक होतें, पण प्रत्यक्ष वनस्पति ओळखतां येईना. म्हणून त्याला सबंध पर्वत उचलावा लागला. वैद्यकाच्या इतिहासांत हा प्रसंग पुनःपुन्हा घडलेला आहे. नांव तोंडीं असतें, परंतु त्या नांवाच्या मागें नेमकी वस्तु कोणती व तिचें कार्य काय, याचा उलगडा झालेला नसतो. ‘मूत्रल’ हें अशाच प्रकारचें एक नांव आहे.

हल्लीं हा शब्द औषधींच्या पुस्तकांत, वैद्यांच्या बोलण्यांत व आरोग्यविषयक लेखांत सर्वत्र आढळतो. शरीरांत साचलेलें पाणी मूत्रावाटें बाहेर टाकणारें औषध, असा त्याचा अर्थ सांगतात, आणि इंग्रजी ‘डाययुरेटिक’ या शब्दाचा तो पर्याय समजला जातो. तो इंग्रजी शब्दही मूळचा ग्रीक असून मूत्रावाटें जाणें एवढाच त्याचा धात्वर्थ आहे. इतक्या सरळ शब्दावर लेख कशाला, असें वाचकांस वाटेल. परंतु मूत्र अधिक उत्पन्न करणें, अडलेलें मूत्र मोकळें करणें आणि अंगावरची सूज उतरविणें, अशीं तीन निरनिराळीं कार्यें आज या एकाच शब्दाखालीं गोळा झालीं आहेत. त्यांचा घोटाळा केवळ भाषेचा राहत नाहीं. तो रोग्याच्या जिवावर येऊं शकतो.

प्रथम शब्दाची घडण पाहूं. ‘मूत्र’ या नामास ‘ल’ प्रत्यय लागून हा शब्द झाला आहे. मांसल, वत्सल या शब्दांतून हा प्रत्यय आपल्या परिचयाचा आहे. आयुर्वेदांत वातल, पित्तल, श्लेष्मल हे शब्द त्या त्या दोषाचें आधिक्य असलेल्या मनुष्यासही लावतात आणि तो दोष वाढविणाऱ्या पदार्थासही लावतात. आपल्या घरांतील वडीलधारी मंडळी हरभऱ्याच्या डाळीला ‘वातूळ’ म्हणतात, तो याच परंपरेचा व्यवहार होय. त्याच न्यायानें मूत्रल म्हणजे मूत्र वाढविणारें. सुश्रुतानें उसाच्या गुणांत हा गुण सांगितला आहे. ऊंस हें कांहीं औषध नव्हे. तें खाण्याचें द्रव्य. तेव्हां मूळचा मूत्रल हा शब्द पदार्थाचा गुण सांगणारा आहे. अमुक रोग बरा होईल असें आश्वासन त्यांत नाहीं.

औषधांसाठीं चरकानें निराळा शब्द योजला. चरकसंहितेच्या सूत्रस्थानांतील चौथ्या अध्यायांत पन्नास महाकषाय सांगितले असून प्रत्येकांत दहा दहा द्रव्यें आहेत. त्यांपैकीं तीन मूत्रासंबंधीं आहेत : मूत्रसंग्रहणीय, मूत्रविरजनीय व मूत्रविरेचनीय. पहिला फाजील मूत्र आंवरून धरणारा. त्यांत जांभूळ, आंबा, वड, उंबर, पिंपळ अशीं तुरट द्रव्यें येतात. दुसरा मूत्राचा बिघडलेला रंग पालटून तो स्वाभाविक करणारा. त्यांत कमळांच्या जाति येतात. तिसरा मूत्राचें विरेचन करणारा. विरेचन या शब्दांतील ‘रिच्’ धातूचा अर्थ रितें करणें असा आहे. यावरून, मूत्रल हा शब्द वाढविण्याचा आणि मूत्रविरेचनीय हा शब्द रितें करण्याचा द्योतक होता, असें म्हणण्यास हरकत दिसत नाहीं.

मूत्रविरेचनीय गणांतील दहा द्रव्यें अशीं : वृक्षादनी म्हणजे बांडगूळ, श्वदंष्ट्रा म्हणजे गोखरू, वसुक, वशिर, पाषाणभेद, दर्भ, कुश, काश, गुंद्रा आणि इत्कट. यांतील वसुक व वशिर कोणते, याविषयीं विद्वानांत एकमत नाहीं. पाषाणभेदाची गोष्ट तर याहून बोधप्रद आहे. मूतखडा फोडणारा, असा त्या नांवाचा अर्थ. नांव कार्यावरून पडलेलें असल्यामुळें ज्या ज्या प्रांतांत जी जी वनस्पति त्या कामीं उपयोगी वाटली, तिला तिला तें चिकटलें. हिमालयांतील पाषाणभेद निराळा, दक्षिणेंतील निराळा. गोखरूविषयीं मात्र फारसा संशय नाहीं. आपल्याकडील कोरडवाहू शेतांच्या बांधांवर अनवाणी चालणाऱ्याच्या टांचेंत रुतणारा सराटा तो हाच.

आतां याच अध्यायांतील आणखी एक महाकषाय पाहिला पाहिजे. त्याचें नांव श्वयथुहर, म्हणजे सूज हरण करणारा. आजच्या समजुतीप्रमाणें सूज उतरविणारें औषध आणि मूत्र काढणारें औषध एकच. तेव्हां या दोन याद्या बहुतेक सारख्या असाव्या, असें वाटेल. प्रत्यक्षांत सुजेच्या यादींत बेल, पाडळ, टेंटू, शिवण, रिंगणी इत्यादि दशमुळें आहेत, आणि दोन्ही याद्यांत समान असें द्रव्य एकच : गोखरू. सुश्रुताचा वीरतर्वादि गणही मूतखडा, मूत्रकृच्छ्र व मूत्राघात यांसाठीं सांगितलेला आहे. यावरून उघड होतें कीं, मूत्राची वाट मोकळी करणें हें एक काम व अंगांत जिरलेलें पाणी उतरविणें हें दुसरें काम, असा भेद प्राचीनांनीं राखला होता.

हा भेद आपल्या खेड्यांतील भाषेनें अद्यापि सोडलेला नाहीं. लघवी करतांना आग होऊन थेंब थेंब येऊं लागली, म्हणजे ‘उन्हाळी लागली’ म्हणतात. मग धन्याचें पाणी, शहाळें किंवा सातूचें पाणी देतात. पोटांत कळ येऊन वाट बंद झाली, म्हणजे ‘लघवी तुंबली’. मग ओटीपोटावर पळसाच्या फुलांचा शेक देतात. पाय सुजले व पोट पाण्यानें भरलें, म्हणजे ‘अंगावर सूज आली’, ‘जलोदर झालें’. हे उपाय किती गुणकारी हा प्रश्न वेगळा; परंतु निरक्षर म्हातारीसुद्धां या तीन अवस्थांस तीन नांवें देते. आम्ही सुशिक्षित मात्र तिन्हींवर ‘मूत्रल द्यावें’ एवढ्या एकाच वाक्यांत बोळवण करूं लागलों.

अशीच एक म्हातारी पाश्चात्य वैद्यकाच्या इतिहासांतही आहे. इंग्लंडांत 1775 च्या सुमारास विल्यम विदरिंग या डॉक्टरास श्रॉपशायर परगण्यांतील एका वृद्ध स्त्रीच्या घराण्यांत चालत आलेला, सर्वांगसुजेवरील गुप्त काढा पाहावयास मिळाला. त्यांत वीसएक वनस्पति होत्या. त्यांतील काम करणारी वनस्पति डिजिटॅलिस ही होय, हें त्यानें ओळखलें, आणि दहा वर्षें रोग्यांवर तिचा प्रयोग करून 1785 सालीं आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. औषध दिल्यावर रोग्यास भरपूर मूत्र होई व सूज ओसरे. म्हणून त्यानें तिची गणना मूत्रल औषधांतच केली. तथापि हृदयाच्या गतीवर तिचा विलक्षण प्रभाव पडतो, हेंही त्यानें नमूद करून ठेविलें. पुढें सिद्ध झालें कीं, तिचें मुख्य कार्य हृदयावरच आहे. दुबळें हृदय जोमानें चालूं लागलें, म्हणजे मूत्रपिंडांस रक्त पुरेसें पोंचतें, आणि मूत्र आपोआप वाढतें. मूत्र वाढलें हें खरें. पण तें फळ होतें, मूळ नव्हतें. आणि या वनस्पतीची मात्रा किंचित् अधिक झाली तर हेंच औषध विष होतें. तिला केवळ मूत्रल समजून भरमसाट देणाऱ्यांच्या हातून किती अनर्थ होऊं शकतो, याची कल्पना वाचकांनींच करावी.

मराठींत हा विचार आला तो एकोणिसाव्या शतकांत. मुंबईस 1845 सालीं ग्रँट मेडिकल कॉलेज सुरू झालें व 1861 सालीं तेथें देशी भाषांतून शिकविण्याचे वर्ग निघाले. इंग्रजी औषधिशास्त्रांत औषधांचे वर्ग त्यांच्या दृश्य परिणामावरून पाडलेले होते : रेचक, स्वेदल, कफोत्सारक, मूत्रल. प्रत्येक इंग्रजी वर्गनामास एकेक संस्कृत शब्द जोडून दिला, म्हणजे भाषांतरकाराचें काम संपे. पुढें आयुर्वेदाच्या पुनरुज्जीवनाची चळवळ उभी राहिली. शंकर दाजीशास्त्री पदे यांच्या पुढाकारानें 1907 सालीं आयुर्वेद महासंमेलनाचें पहिलें अधिवेशन आपल्या नाशिक क्षेत्रींच भरलें. पदेशास्त्र्यांच्या ‘आर्यभिषक्’ ग्रंथानें औषधींचें ज्ञान मराठी घरांघरांत पोंचविलें. परंतु नव्या पद्धतीचे औषधिग्रंथ झाले, त्यांत ‘मूत्रल’ व ‘मूत्रजनन’ हे शब्द मुख्य झाले, आणि चरकाचा मूत्रविरेचनीय हा शब्द त्यांचा केवळ पर्याय होऊन बसला. शब्द आपलेच राहिले. त्यांच्यामधील कुंपण मात्र नाहींसें झालें.

आधुनिक शास्त्रानें या विषयावर जो प्रकाश टाकला, तो तर नांवाच्या पुढें गेला आहे. निरोगी मनुष्याचीं दोन मूत्रपिंडें दिवसाकांठीं सुमारें 180 लिटर द्रव गाळतात. त्यांतील दीड-दोन लिटर तेवढें मूत्ररूपानें बाहेर पडतें, बाकीचें सर्व पुन्हा रक्तांत परत घेतलें जातें. या परतीच्या व्यवहारांत मीठ पुढें व पाणी त्याच्या मागें, असा क्रम असतो. 1957 सालीं निघालेलें क्लोरोथायझाइड किंवा त्यानंतरच्या दशकांत आलेलें फ्युरोसेमाइड हीं औषधें मिठाची ही परत अडवितात. मीठ बाहेर चाललें म्हणजे पाणीही त्याच्याबरोबर जातें. म्हणजे ज्यांना आपण पाणी काढणारीं औषधें म्हणतों, तीं वस्तुतः मीठ काढणारीं आहेत. म्हणूनच त्यांच्यासह मीठ कमी खाण्यास सांगतात. चरकानेंही सुजेच्या रोग्यास मीठ वर्ज्य सांगितलें आहे, आणि उदररोग्यास अन्न सोडवून केवळ दुधावर ठेवण्याचा वैद्यांचा परिपाठ होताच. पाणी कशाच्या मागें जातें याचा सुगावा त्या जुन्या पथ्यांत दिसतो. ‘मूत्रल’ या नांवांत तो नाहीं.

आतां हा घोटाळा जिवावर कसा येतो, तें सांगून लेख पुरा करूं. मूतखड्यानें वा अन्य कारणानें वाट बंद झाली असतां मूत्र वाढविणारें औषध दिलें, तर कोंडलेल्या पाण्याचा ताण आणखी वाढतो. तेथें वाट मोकळी करणें हाच उपाय. याच्या उलट अवस्था पटकीची. एके काळीं मोठ्या यात्रांच्या पाठोपाठ ही सांथ येत असे. पटकीच्या रोग्याची लघवी बंद होते, ती मूत्रपिंडें आळसावलीं म्हणून नव्हे, तर शरीरांत गाळावयास पाणीच उरलेलें नसतें म्हणून. अशा वेळीं मूत्रल देणें म्हणजे कोरड्या विहिरीवर मोट चालविणें होय. 1971 सालीं बांगला देशाच्या निर्वासितांच्या छावणींत डॉ. दिलीप महालनबीस यांनीं पटकीच्या रोग्यांस मीठ व साखर घातलेलें पाणी पाजून हजारों जीव वांचविले. गेलेलें पाणी भरून आलें, म्हणजे थांबलेली लघवी कोणत्याही मूत्रल औषधावांचून पुन्हा सुरू होते.

मूत्रल हा शब्द टाकून द्यावा, असें आमचें म्हणणें नाहीं. तो रूढ झाला आहे व सोयीचाही आहे. मात्र त्यानें फक्त दिसणारा परिणाम सांगितला जातो. कारण सांगितलें जात नाहीं, हें ध्यानांत असावें. वैद्यानें ‘मूत्रल’ लिहिण्यापूर्वीं, आणि घरच्या माणसानें सराट्याचा काढा चुलीवर ठेवण्यापूर्वीं, पाणी कोठें अडलें आहे हें विचारावें : वाटेंत, अंगांत, कीं तें मुळीं उरलेंच नाहीं? कळवणच्या बाजारास आलेली म्हातारी ‘तुंबली’ कीं ‘सूज आली’ हें अचूक सांगते. तें तिच्याच शब्दांत नीट ऐकून घेतलें, तर सबंध पर्वत उचलण्याची पाळी येणार नाहीं.