फेराच्या मधला माणूस

२०२६ च्या पद्मश्री पुरस्कारांच्या यादीत जव्हार तालुक्यातील वाळवंडे येथील तारपावादक भिकल्या लाडक्या धिंडा यांचे नाव आले, तेव्हा ते नव्वदीच्या घरात होते. वारली चित्रातील नाचाचा फेर मराठी घरांना कितीतरी वर्षे परिचित आहे. परंतु त्या फेराच्या मधोमध उभ्या असलेल्या वादकाला नाव असते, चरित्र असते, याची दखल आपण फार उशिरा घेतली. हा उशीर केवळ शासनाचा नाही, तो आपल्या अभ्यासाचाही आहे, असे आम्हास वाटते.

उल्हासनगर कॅम्प २ मधून हे लिहिताना भूगोल विसरता येत नाही. जव्हार संस्थान १९४८ साली विलीन होऊन ठाणे जिल्ह्यात आले. निर्वासितांच्या कल्याण कॅम्पचे उल्हासनगर झाले ते १९४९ साली. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा वेगळा होईपर्यंत ही दोन्ही स्थळे एकाच जिल्ह्यात होती. तरीही तारपा आमच्यापर्यंत आला तो चित्रातून, म्हणजे मुका होऊन. जिव्या सोमा म्हसे (१९३४–२०१८) यांच्या रेषेने तो फेर जगभर नेला. नाद मात्र डोंगरातच राहिला. साहित्यातही निराळे घडले नाही. गोदावरी परुळेकर यांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’मधून वारली मराठी वाचकाला भेटला तो वेठबिगारीविरुद्ध उभा ठाकलेला माणूस म्हणून. ती भेट मोलाचीच होती. पण कलावंत म्हणून त्याची भेट व्हायची राहून गेली.

तारपा म्हणजे वाळवून पोकळ केलेला दुधी भोपळा, त्यात मेणाने बसवलेल्या दोन बांबूच्या नळ्या, नळ्यांत कंप पावणाऱ्या पातळ जिभा आणि टोकाला ताडाच्या पानांचा कर्णा. वादक गालांत हवा राखून नाकाने श्वास घेत राहतो, म्हणून सूर तुटत नाही. सूर तुटला तर नाच थांबेल. एकमेकांच्या कमरेला हात घातलेली माणसे त्याच्याभोवती फिरत असतात आणि तारप्याची चाल बदलली की पावलेही बदलतात. भात तयार होण्याच्या सुमारास हे वाद्य वाजू लागते.

अशा वादकाचे चरित्र कसे लिहावे? आपल्या संगीतचरित्रांना गुरू, घराणे, पहिली मैफल, ध्वनिमुद्रिका असे टप्पे लागतात. धिंडा यांच्याकडे ही विद्या घरातूनच आली, आणि ते तारपा नुसता वाजवीत नाहीत, स्वतः घडवितातही. येथे मैफल नाही, कारण वेगळा बसलेला श्रोता नाही. ऐकणारा प्रत्येक जण नाचणारा आहे. म्हणून अशा वादकाच्या आयुष्याची मोजणी कार्यक्रमांनी होत नाही, ती हंगामांनी होते.

आयर्लंडमधील ‘इलन पाइप्स’ हे कोपराने भाता दाबून वाजवायचे वाद्य विसाव्या शतकात असेच क्षीण झाले होते. १९६८ साली वादकांनी स्वतःची संस्था काढली. तिने वादनाबरोबर वाद्यनिर्मिती आणि जिभा घडविण्याचे शिक्षणही हाती घेतले, आणि २०१७ साली युनेस्कोने या परंपरेला मानवजातीच्या वारशाच्या यादीत स्थान दिले. तेथे आधी शिकणारे आले, सन्मान नंतर आला. आपल्याकडे सन्मान आला आहे.

पद्मश्रीमुळे एक नाव नोंदले गेले, ही आनंदाची गोष्ट आहे. परंतु कोणता भोपळा निवडावा, जीभ किती पातळ तासावी, कोणत्या चालीवर फेर कसा वळतो, हे ज्ञान अजून प्रामुख्याने हातांत आणि श्वासात आहे. मराठीच्या विद्यार्थ्यांना क्षेत्रकार्यासाठी विषय हवे असतात. तो येथे आहे. मात्र लेखणी आणि ध्वनिमुद्रक घेऊन जाणाऱ्याने दोन्ही थोडा वेळ बाजूला ठेवून फेरातही उतरावे. बाहेर उभे राहून तारपा अर्धाच ऐकू येतो.