दहा क्रमांकाची जर्सी

डिसेंबर उजाडला की गोव्यात दोन गोष्टींची चाहूल लागते. एक जुन्या गोव्याच्या फेस्ताची, आणि दुसरी गावागावांतल्या फुटबॉलच्या स्पर्धांची. शेतं मोकळी होतात, बांबूचे गोल उभे राहतात, माइकवरून नावं पुकारली जातात. फेस्त संपून दोन दिवस झाले की मला मात्र हटकून एका परदेशी मुलाची आठवण होते. क्रिस्तियानो सेबास्तियांव द लिमा ज्युनियर. आपण सगळे त्याला नुसतं ज्युनियर म्हणायचो.

फुटबॉल आपल्याकडे १८८३ साली शिवोलीत फादर विल्यम लायन्स यांनी आणला असं मानतात. तेव्हापासून हा खेळ देवळाच्या आणि इगर्जीच्या अंगणात सारखाच रुजला. माझ्यासारख्या हिंदू घरातल्या मुलालाही पावसात चिखलात लोळून फुटबॉल खेळल्याशिवाय बालपण पूर्ण झाल्यासारखं वाटत नसे. साळगावकरने १९९८-९९ साली राष्ट्रीय लीग जिंकली तेव्हा मी कॉलेजात होतो. त्यानंतर चषक पुन्हा कोलकात्याकडे गेला, आणि आमचा जीव तळमळत राहिला.

२००३-०४ ची लीग ईस्ट बंगालने जिंकली, डेंपो दुसरा आला. त्या मोसमात ईस्ट बंगालसाठी १५ गोल करून लीगमध्ये सर्वाधिक गोलांचा मानकरी ठरला होता हाच ब्राझीलचा ज्युनियर. ज्याने आपल्याला हरवलं त्यालाच आपल्याकडे आणायचं, असा सरळ हिशेब डेंपोने केला. पुढच्या मोसमात तो आर्मांदो कुलासोंच्या संघात दाखल झाला, जोडीला नायजेरियाचा तरुण रँटी मार्टिन्स. अशी जोडी पाहून आम्ही मोसम सुरू होण्याआधीच चषक मोजायला बसलो होतो.

५ डिसेंबर २००४, रविवार. बंगळूरच्या कंठीरव स्टेडियमवर फेडरेशन चषकाची अंतिम लढत, समोर मोहन बागान. डेंपो २-० ने जिंकला आणि दोन्ही गोल ज्युनियरचे! दुसरा गोल करताना बागानचा गोलरक्षक सुब्रत पाल पुढे धावून आला, दोघांची टक्कर झाली. चेंडू जाळ्यात गेला आणि ज्युनियर जमिनीवर कोसळला. तो पुन्हा उठलाच नाही. मैदानावर धावपळ झाली, इस्पितळात नेलं, पण उपयोग झाला नाही. वय अवघं २५.

आमच्या गावात बातम्या उलट क्रमाने आल्या नाहीत, हेच वाईट झालं. आधी कळलं, ‘डेंपो जिखलो!’ गाड्यावर चहा पीत असलेल्यांनी टाळ्या पिटल्या, कोणीतरी फटाक्यांची माळ लावली. माळ संपते न संपते तोच दुसरा फोन आला, ‘ज्युनियर गेलो रे.’ मग कोणी कोणाशी बोलेना. रस्त्यावरचे ते लाल कागद अजून डोळ्यांसमोर आहेत. दुसऱ्या दिवशी सोमवार. नुकताच कनिष्ठ कारकून म्हणून लागलेला मी फायलींच्या ढिगासमोर बसलो होतो. सहज मनात आलं, हा तर माझ्याच वयाचा!

सगळा राग सुब्रत पालवर निघाला. त्याच्यावर बंदीही आली. तो तेव्हा अठराही पूर्ण नव्हता, हे आम्हाला कोणी सांगितलं असतं तरी आम्ही ऐकलं नसतं. मीही त्याला शिव्या दिल्या आहेत. पुढे त्याच मुलाने २०११ च्या आशिया चषकात भारताचा गोल जिवाच्या कराराने राखला आणि २०१६ साली त्याला अर्जुन पुरस्कार मिळाला. त्याच्या मनावर ते ओझं किती वर्षं राहिलं असेल, याचा विचार करायला मला चाळिशी गाठावी लागली.

कारण दोषी शोधण्याच्या नादात खरा प्रश्न बाजूलाच राहिला. २००३ च्या जूनमध्ये कॅमेरूनचा मार्क-व्हिव्हियन फोए फ्रान्समधल्या मैदानावर असाच कोसळून गेला. २००४ च्या जानेवारीत बेनफिकाचा मिक्लोश फेहेर गेला. बेनफिका म्हटल्यावर आपल्याकडच्या जुन्या मंडळींचे कान टवकारतात. ते मरण इथेही कितीतरी घरांत हळहळत पाहिलं गेलं. म्हणजे इशारे मिळाले होते. हृदय अचानक थांबलं की छाती दाबत राहणं आणि विजेचा झटका देणारं यंत्र लगेच लावणं, हाच उपाय. झटका मिळायला एक मिनिट उशीर झाला की वाचण्याची शक्यता सात ते दहा टक्क्यांनी घटते असं डॉक्टर सांगतात. बंगळूरच्या त्या संध्याकाळनंतर मैदानावरच्या वैद्यकीय व्यवस्थेबद्दल बरंच लिहून आलं. मग नेहमीप्रमाणे लिहिणं थांबलं.

त्या मोसमाची राष्ट्रीय लीग डेंपोनेच जिंकली. पुढे आणखी चार वेळा ते देशाचे विजेते झाले. ज्युनियरची दहा क्रमांकाची जर्सी मात्र क्लबने कायमची निवृत्त केली.

२०२१ च्या जूनमध्ये कोपनहेगनला डेन्मार्कचा एरिक्सन सामना चालू असताना कोसळला. रात्री टीव्हीसमोर बसलेला मी उठून उभा राहिलो. त्याच्याही पाठीवर दहा क्रमांक होता. पण तिथे काही क्षणांत छाती दाबणं सुरू झालं, यंत्र लावलं गेलं, आणि तो वाचला. २०२४ च्या युरो स्पर्धेत त्याने गोलही केला. दोन दहा क्रमांक, मधे सतरा वर्षं.

आमच्या गावच्या स्पर्धेचा हिशेब मी ठेवतो. कारकुनाला दुसरं काय येतं! चषक, मांडव, माइक, पंचांचं मानधन, चहा-भजी, सगळ्याला रकाना आहे. औषधपाण्याच्या रकान्यात इतकी वर्षं बर्फ आणि एक फवारा एवढंच असायचं. गेल्या बैठकीत मी म्हटलं, यंदा चषक एक वीत लहान घेऊ. सामन्याला रुग्णवाहिका उभी ठेवू आणि दहा पोरांना छाती दाबायला शिकवू. एक जण हसून म्हणाला, ‘आमच्या शेतांत कोण मरता?’

मी त्याला ज्युनियरची गोष्ट सांगितली. त्याचा जन्म २००४ नंतरचा. त्याने नावही ऐकलं नव्हतं. म्हणून हे लिहिलं.

चषक लहान आणायचं ठरलं आहे.