टोपलींतील भाऊ

हास्यरसाशीं भयानक आणि करुण या दोन रसांचा विरोध आहे, असें साहित्यदर्पणकार विश्वनाथानें सांगून ठेविलें आहे. हे तिन्ही रस एकाच कथेंत नांदविण्याचा एक धाडसी प्रयत्न अमेरिकेंत १९८२ सालीं झाला. फ्रँक हेनेनलॉटर या दिग्दर्शकाचा 'बास्केट केस' हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट त्या वर्षीं प्रदर्शित झाला. त्यास खर्च आला अवघा सुमारें ३५ हजार डॉलर. चित्रीकरण १६ मिलिमीटरच्या फितीवर झालें. त्यांत न्यूयॉर्कच्या ४२ व्या रस्त्याची, त्या काळीं बदनाम असलेली वस्ती दिसते.

कथा जुळ्या भावांची आहे. ड्वेन हा भोळा तरुण वेताची टोपली घेऊन एका हलक्या हॉटेलांत उतरतो. टोपलींत त्याचा भाऊ बीलियल आहे. त्याला पाय नाहींत, विद्रूप मस्तक आणि दोन हात तेवढे आहेत. जन्मतः तो ड्वेनच्या कुशीला जडलेला होता. बापानें त्याला मनुष्य मानलेंच नाहीं. दोघांच्या इच्छेविरुद्ध शस्त्रक्रिया करवून त्याला कचऱ्यांत टाकविलें. ड्वेननें त्याला वाचविलें. पुढें एका प्रेमळ नातलग स्त्रीनें दोघांना वाढविलें, शेक्सपियर वाचून दाखविला. तिच्या मागें दोघे भाऊ त्या शस्त्रवैद्यांचा सूड घेण्यास निघतात.

बीलियल ही रबरी बाहुली आहे हें उघड दिसतें आणि हसूं येतें. पण त्याची किंकाळी ऐकतांच तें ओठांवरच विरतें.

वितरकांनीं मात्र भीषण दृश्यें कापून हा चित्रपट निव्वळ विनोदी म्हणून पुढें आणला. तो चालेना. 'जो बॉब ब्रिग्ज' या टोपणनांवानें डॅलसमध्यें लिहिणाऱ्या स्तंभलेखकानें अखंड प्रतीचा आग्रह धरला; ती लागल्यावर लोक येऊं लागले, आणि मध्यरात्रींच्या खेळांतून चित्रपट दीर्घकाळ टिकला. २०१७ सालीं न्यूयॉर्कच्या आधुनिक कलासंग्रहालयानें त्याचा जीर्णोद्धार केला.

हा चित्रपट सर्वांनीं पाहावा असें आम्ही म्हणणार नाहीं. बीभत्स त्यांत विपुल आहे. परंतु त्याचा इतिहास विचार करण्याजोगा आहे. नकोसा भाग कापला कीं उरलेला सभ्य व सुखी होईल, असें त्या बापाला वाटलें. वितरकांनाही तसेंच वाटलें. दोन्हीं ठिकाणीं जखम तेवढी उरली. बीलियलला पाहून आपण प्रथम हसतों, मग भितों. आणि त्याला टोपलींत राहण्याची पाळी कोणीं आणली हें आठवलें म्हणजे आपल्या हसण्याचीच लाज वाटूं लागते.