एकोणीस वर्षांचा मर्कल आणि तो दुसरा बेस

आज क्रिकेट नाही, बेसबॉल. घाबरू नका, एकच नियम कळला तरी पुरे.

फलंदाजाने चेंडू मारला की तो पहिल्या बेसकडे पळतो. तिथे आधीच त्याचा साथीदार उभा असेल, तर त्याला जागा सोडून दुसरा बेस गाठावाच लागतो. तो पोचायच्या आत समोरच्या संघातल्या कुणी चेंडू हातात घेऊन दुसऱ्या बेसवर पाय ठेवला, तर तो आउट. आणि तो डावातला तिसरा आउट असेल, तर त्या फटक्यावर निघालेली धावही धरत नाहीत.

आता चला न्यूयॉर्कला. २३ सप्टेंबर १९०८, पोलो ग्राउंड्स. जायंट्स विरुद्ध शिकागो कब्ज. १-१ बरोबरी, नववा डाव, दोन आउट. तिसऱ्या बेसवर मॅककॉर्मिक, पहिल्यावर फ्रेड मर्कल. वय १९! नेहमीच्या टेनीची कंबर धरली, म्हणून त्या मोसमात पहिल्यांदाच याला सुरुवातीपासून उतरवलेलं. ब्रिडवेलने फटका मारला, मॅककॉर्मिक घरी पोचला, लोक मैदानात घुसले. जिंकलो म्हणून मर्कल अर्ध्यातूनच वळला आणि थेट ड्रेसिंग रूमकडे पळाला.

पण तेव्हा सगळेच असं करायचे हो! नियम पुस्तकात होता, पण विजयी धाव झाल्यावर तो कुणी लावतच नव्हतं. आम्ही कोडवाले हे रोज बघतो, डॉक्युमेंटमध्ये एक आणि चालतं भलतंच. मग ज्या दिवशी चेक चालू होतो, त्या दिवशी नेमका फ्रेशर सापडतो. (एकदा तो फ्रेशर मी होतो. विषय नको.)

इथे चेक चालू केला कब्जच्या जॉनी एव्हर्सने. ४ सप्टेंबरलाच पिट्सबर्गमध्ये त्याने हेच अपील केलं होतं आणि अंपायर हँक ओडे यांनी ते फेटाळलं होतं. आज अंपायर पुन्हा ओडेच, आणि यावेळी सावध. एव्हर्सने गर्दीतून चेंडू मिळवला (तो खरा चेंडू होता का, यावर वाद आजही आहे), बेसवर पाय ठेवला. मर्कल आउट, धाव रद्द, सामना बरोबरीत.

मोसम संपला तेव्हा दोन्ही संघांचे ९८ विजय, ५५ पराभव. ८ ऑक्टोबरला तो सामना पुन्हा झाला. कब्ज ४-२ ने जिंकले आणि वर्ल्ड सिरीजही घेऊन गेले.

पेपरवाल्यांनी मर्कलला ‘बोनहेड’ करून टाकलं, म्हणजे आपल्या भाषेत मठ्ठ. मॅनेजर मॅग्रॉ मात्र त्याच्या पाठीशी राहिले, उलट पगार वाढवला. पोरगा एकूण १६ मोसम खेळला, १,५८० हिट्स मारल्या, १९१२ मध्ये सरासरी .३०९. मला विचाराल तर ही दणकट कारकीर्द आहे. नशीब तेवढं फुटकं. पाच वर्ल्ड सिरीज खेळला, पाचही हरला.

पुढे कितीतरी वर्षं तो बेसबॉलच्या वाऱ्यालाही उभा राहिला नाही. १९५० मध्ये जायंट्सच्या जुन्या खेळाडूंच्या कार्यक्रमाला एकदाचा आला, वयाच्या ६१ व्या वर्षी. त्याचं नाव पुकारलं आणि न्यूयॉर्कच्या त्याच मैदानात लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला.